शांततेचे तीन दिवस

हॉस्पिटलमध्ये ती बारा वर्षं नर्सच्या पाळ्या लावत होती. कुणाची रजा, कुणाची सलग तिसरी रात्रपाळी, कुणाचं कुणाशी पटत नाही, हे सगळं एका तक्त्यात बसवायचं. मग ते काम कॉम्प्युटर करायला लागला आणि तिला निरोप देण्यात आला. चार महिन्यांनी ती एका गेम बनवणाऱ्या कंपनीत मुलाखतीला गेली. तिथे तिने आधीच सांगून टाकलं, "मी जन्मात बंदुकीचा गेम खेळलेली नाही."

"खेळणारे आमच्याकडे ढिगाने आहेत," प्रमुखबाई म्हणाल्या. "वेळापत्रक लावणारं कोणी नाही."

ऑफिसात तिचं नाव मेट्रन पडलं. ती कधीच नर्स नव्हती, हे तिने पहिल्या आठवड्यात तीनदा सांगितलं आणि मग सोडून दिलं.

काम ऐकायला सोपं होतं. ऑनलाइन गेम, दोन गट, प्रत्येकी सहा खेळाडू, हातात बंदुका. पण खेळायचे प्रकार बरेच. त्यांना सगळे मोड म्हणत. 'समोरासमोर' आणि 'ठाणं' हे दोन मोड कायम उघडे असायचे. तिसरी जागा फिरती. तिथे सहा मोड आळीपाळीने यायचे, एकेक आठवडा. कशात प्रत्येकाला एकच जीव, कशात सगळीकडे धुकं, कशात झेंडा पळवायचा. दर मंगळवारी सकाळी अकरा वाजता एक जायचा, दुसरा यायचा. मंगळवारी सकाळी अशासाठी की त्या वेळी खेळणारे कमी असतात आणि काही बिघडलंच तर दुरुस्त करणारे सगळे जागेवर असतात.

"पण आठच्या आठ मोड कायम उघडे ठेवले तर काय बिघडतं?" तिने पहिल्याच दिवशी विचारलं होतं.

आकडेवाल्याने तिला समजावलं. कंपनीतली सगळी आकडेवारी त्याच्याकडे असायची आणि आपण सोडून इतरांना अंकगणित येत नाही अशी त्याची समजूत होती. तो म्हणाला, खेळाडू एका वेळी वीस हजार असले तरी ते वीस हजार एका रांगेत नसतात. नवख्याची गाठ नवख्याशी घालावी लागते, मुरलेल्याची मुरलेल्याशी. लांबच्या शहरातला खेळाडू जोडला तर गोळी उशिरा पोचते, म्हणून जवळचेच घ्यावे लागतात. इतक्या चाळण्यांतून उरलेल्यांचे आणखी आठ भाग केले, तर एकेका रांगेत चार-पाच टाळकी राहतील. मॅचला बारा लागतात. "शिवाय," तो म्हणाला, "सहा आठवड्यांनी परत आलेलं काहीही नवंच वाटतं."

हे तिला लगेच पटलं. वॉर्ड आठ आणि नर्स पाच, हा हिशोब तिने बारा वर्षं केला होता.

फिरत्या मोडपैकी एकाचं नाव होतं 'शांतता'. त्यात आवाज सगळ्यांचाच बंद. पावलं ऐकू येत नाहीत, गोळी ऐकू येत नाही, सोबत्यांशी माइकवर बोलता येत नाही. चार खुणा तेवढ्या करता येतात: थांब, चल, मागे बघ, इथे ये. बाकी सगळं डोळ्यांनी. बहुतेकांना हा मोड आवडत नसे. तिच्या दादाला मात्र दुसरा कुठलाच मोड आवडत नसे.

दादा वेल्डर होता. एका मोठ्या कारखान्यात लोखंडी गर्डर जोडायचं त्याचं काम. पत्र्यांच्या त्या ठणठणाटात त्याचे कान हळूहळू गेले, आणि गेले हे त्याने कामावर कुणाला सांगितलं नाही. समोरच्याच्या ओठांवरून तो निम्मं ओळखायचा आणि उरलेल्या निम्म्यावर मान हलवायचा. शुक्रवार ते रविवार दुपारची पाळी त्याने आपणहून मागून घेतली होती, एकोणीस वर्षांपूर्वी, मधल्या वारी सुट्टी मिळते म्हणून. पुढे कान गेल्यावर तीच पाळी त्याने धरून ठेवली, कारण त्या दिवसांत कारखान्यात माणसं कमी आणि बोलणारी त्याहून कमी. घरात वहिनीला अर्थातच ठाऊक होतं. "भिंतीशी बोललं तर निदान आवाज घुमतो," असं ती म्हणायची, आणि तेही त्याच्या पाठीमागे.

बहिणीची कंपनी काय बनवते ते बघायला म्हणून त्याने गेम घेतला. इतर मोडमध्ये त्याला कोणीही मागून येऊन मारायचं. बाकीच्यांना पावलं कळायची, त्याला नाही. 'शांतता'च्या आठवड्यात सगळेच त्याच्यासारखे. डोळ्यांनी जग सांभाळायची सवय तर त्याला दहा वर्षांची होती. 'खिळा' या नावाने तो खेळायचा आणि पहिल्या शंभरांच्या यादीत यायचा. ती यादी कोणालाही दिसते. मेट्रनलाही दिसायची.

वर्षभराने बैठकीत आकडेवाल्याने तक्ता लावला. 'शांतता' तळाला होता. इतर मोडमध्ये मॅच लागायला मिनिटही लागत नाही, इथे चार मिनिटं. निम्मे लोक कंटाळून रांगेतून निघून जातात.

"काढून टाकू," तो म्हणाला. "त्या जागी धुकं दोनदा."

"एक आधीच सांगून ठेवते," मेट्रन म्हणाली. "माझा भाऊ हा मोड खेळतो."

"कितवा येतो?" प्रमुखबाईंनी विचारलं. सगळे हसले. दादाला ऐकू येत नाही हे मेट्रनने सांगितलं नाही. तिच्या मते ती गोष्ट सांगणं तिचं काम नव्हतं.

"आता माझं ऐका," ती म्हणाली. "या मोडमध्ये दोन हजार माणसं अशी आहेत की बाकीचे पाच आठवडे गेम उघडत नाहीत. ती फक्त याच आठवड्यात येतात. पण दर वेळी येतात."

"येतात आणि जातात," आकडेवाला म्हणाला.

"दर वेळी येतात," ती परत म्हणाली. "आणि ती सात दिवसांत पसरलेली आहेत. कोणी बुधवारी दुपारी येतं, रांगेत एकटं बसतं, वैतागून उठतं. शुक्रवारी गर्दी असते तेव्हा तेच माणूस परत येत नाही. हॉस्पिटलात हात कमी असले की आम्ही तिन्ही पाळ्यांना थोडे थोडे वाटत नव्हतो. जिथे नडतं तिथे सगळे एकत्र लावायचो. हा मोड फिरत्या जागेतून काढा आणि दर महिन्याच्या पहिल्या शुक्रवार ते रविवार उघडा. तीनच दिवस, तेही दुपारी तीन ते रात्री अकरा. रांग भरेल."

सर्व्हरवाले लगेच आडवे आले. शुक्रवारी काही बदलायचं नाही हा त्यांच्याकडचा सगळ्यात जुना नियम होता. त्यावर तासभर घासाघीस झाली. शेवटी ठरलं की मोड मंगळवारीच चढवून ठेवायचा आणि शुक्रवारी फक्त त्याचं दार घड्याळाने उघडायचं. प्रमुखबाईंनी तीन महिने दिले.

शुक्रवार, शनिवार, रविवार, तीन ते अकरा. दादाची पाळी तिला पाठ होती. बोलतानाही पाठ होती. तरी आकडे तेच दिवस दाखवत होते, म्हणून तिने तेच दिवस सांगितले. हॉस्पिटलात असताना तिची सख्खी मावशी वॉर्डात नर्स होती आणि तिलाही कधी झुकतं माप मिळालं नव्हतं.

त्याच संध्याकाळी ती दादाकडे गेली. तोंडावर उजेड येईल अशी खुर्ची ओढून बसली आणि सावकाश बोलली. दादाने सगळं समजून घेतलं आणि तरी एकदा परत सांगायला लावलं.

"माझी पाळी माहितीये ना तुला?"

"माहितीये."

"मग?"

"नाहीतर बंदच होणार होता, दादा."

"बंद होऊ द्यायचा होतास. सगळ्यांचाच गेला असता. आता बाकीचे खेळणार आणि मी गर्डरखाली बसणार."

ती काहीतरी सांगायला लागली तेव्हा त्याने तोंड खिडकीकडे फिरवलं. त्याला भांडण संपवायला एवढंच पुरायचं. वहिनीने तिला दारापर्यंत सोडलं आणि म्हणाली, "येईल ताळ्यावर. नाहीच आला तर मला नवीन काय आहे!"

पहिल्या महिन्यात मॅच लागायला सरासरी पन्नास सेकंद लागले. आकडेवाल्याने तक्ता तीन वेळा तपासला. दुसऱ्या महिन्यात चाळीस. दोन हजारांचे साडेतीन हजार झाले. प्रमुखबाईंनी बैठकीत मेट्रनचं नाव घेऊन कौतुक केलं. शंभरांच्या यादीत 'खिळा' दोन्ही महिन्यांत नव्हता. दादाने तिच्या निरोपांना उत्तर द्यायचं बंद केलं होतं. वहिनीच्या फोनवरून त्याची खुशाली कळायची, तीही "जेवतोय, झोपतोय" एवढीच.

तिसऱ्या महिन्याच्या शुक्रवाराला दोन आठवडे असताना वहिनीचा फोन आला.

"तू बसलेली आहेस ना? ऐक. तुझा भाऊ फोरमनकडे गेला होता. पाळी बदलून मागायला."

फोरमन ग्राइंडरवर वाकून काहीतरी घासत होता. त्याने मान वर न करता विचारलं की एकोणीस वर्षांनी आज हे काय सुचलं. दादा नुसताच उभा. फोरमनने परत विचारलं. दादा उभाच. तिसऱ्यांदा फोरमन चिडून ओरडला, तेव्हा त्याच्या खांद्यांवरून दादाला कळलं की आपल्याला काहीतरी विचारलं जातंय. लग्न, दुखणं, काहीही सांगता आलं असतं. वाटेत त्याने दोन कारणं घोकूनही ठेवली होती. पण कशाचं उत्तर द्यायचं तेच माहीत नव्हतं.

"मला ऐकू येत नाही," दादा म्हणाला. "समोर येऊन बोला."

फोरमनने मशीन बंद केलं. "कधीपासून?"

"दहा-अकरा वर्षं झाली."

"क्रेनखाली काम करतोस तू! भोंगा वाजतो तो?"

"पायाला कळतो. क्रेन निघाली की जमीन थरथरते."

फोरमन तिथेच लोखंडाच्या ढिगावर बसला. मग इतका बोलला की ओठ वाचताना दादाची दमछाक झाली. एक दिवस तू मेला असतास आणि मी तुरुंगात गेलो असतो, हे वाक्य त्यात दोनदा आलं. त्याच दिवशी दादाला क्रेनच्या शेडमधून हलवलं, कानांच्या तपासणीची चिठ्ठी दिली आणि सकाळच्या पाळीत टेबलावरच्या कामाला बसवलं. शुक्रवार-शनिवारीही सकाळचीच पाळी, रविवारी सुट्टी. मागितलेलं मिळालं होतं. मात्र पंचवीस वर्षं गर्डर जोडलेल्या माणसाच्या हातात आता बिजागऱ्या आणि कड्या होत्या.

"मी दहा वर्षं मागे लागले होते, की सांग, तपासून घे," वहिनी म्हणाली. "बायकोसाठी नाही गेला. गेमसाठी गेला!" ती हसत होती की रडत होती ते मेट्रनला फोनवर कळलं नाही. बहुधा दोन्ही.

मोड उघडला त्या शुक्रवारी ऑफिस सुटल्यावर मेट्रन दादाकडे गेली. वहिनीने दार उघडलं आणि बोटाने आतली खोली दाखवली. दादा स्क्रीनसमोर बसला होता. शेजारी एका डबीत कानाचं नवीन मशीन होतं. खेळताना त्याने ते काढून ठेवलं होतं. ती त्याच्या नजरेच्या टप्प्यात स्टूल घेऊन बसली.

"मशीन कसं आहे?"

"सगळं ऐकू येतं. नुसता गोंगाट आहे. फ्रिज एवढा ओरडतो हे मला कोणी सांगितलं नव्हतं."

"रागावला आहेस अजून?"

"गेमचं विचारतेस की कामाचं?"

"दोन्हीचं."

"कामाचा आहे राग. रोज सकाळी त्या बिजागऱ्या समोर आल्या की तुझी आठवण येते. चांगली नाही येत."

तिने मान हलवली. आपलं चुकलं असं तिला म्हणता येईना, कारण तसं वाटत नव्हतं. वाईट मात्र वाटत होतं. ते तिने सांगितलं. दादा तिच्या ओठांकडे बघत राहिला आणि मग म्हणाला, "ते कळतं मला."

"आणि गेमचा?"

त्याने स्क्रीनकडे बोट केलं. बारा नावं भरली होती. "पूर्वी मॅच लागेपर्यंत वाटीभर भाजी चिरून व्हायची माझी."

मॅच सुरू झाली. वर्षभर वेळापत्रकं लावूनही मेट्रनने एखाद्या खेळाडूशेजारी बसून पूर्ण मॅच कधी पाहिली नव्हती. पडक्या गोदामासारखी जागा होती. दादा एकदाही धावला नाही. प्रत्येक दाराशी थांबून आधी जमिनीवरच्या सावल्या बघायचा, मग वर, मग मागे. दोनदा त्याने सोबत्यांना 'मागे बघ'ची खूण केली आणि दोन्ही वेळा मागे खरंच कोणीतरी होतं. एका नवख्या सोबत्याला त्याने सतत 'इथे ये' करून आपल्या पाठीशी ठेवलं. तो नवखा तरीही मध्येच एकटा सुटला आणि मेला. शेवटी दादा एकटा उरला, समोर तिघं. त्याने दोघांना टिपलं. तिसऱ्याने त्याला जिन्यावरून टिपलं.

"हरलात?" तिने विचारलं.

"हरलो." त्याने खांदे उडवले. तेवढ्यात त्याच बारा जणांची पुढची मॅच लागली आणि तो नवखाही परत आला होता. दादाने खुर्ची पुढे ओढली. "सरक जरा. उजेड अडवतेस."