अक्षरबाबाचं तीर्थ आणि नीलकंठ शाई

बपेऱ्याच्या नदीकाठी, धान कापून मोकळ्या झालेल्या बांध्यांमध्ये त्या दिवशी पाय ठेवायला जागा नव्हती. बैलगाड्या सुटल्या होत्या, सायकली एकमेकींवर रेलल्या होत्या, मध्यप्रदेशातून आलेल्या दोन जीपा धुरळ्यात उभ्या होत्या. मांडवात पितळेचं घंगाळ. घंगाळात तुळशीची पानं टाकलेलं तीर्थ. आणि घंगाळामागे, भगव्या गादीवर, अक्षरबाबा.

चेल्यानं एक कोरा बदामी कागद दोन्ही बाजूंनी लोकांना दाखवला आणि अलगद तीर्थात सोडला. माणसं श्वास रोखून बघत राहिली. कागदावर आधी राखाडी सावल्या उमटल्या, मग त्यांची अक्षरं झाली, बघता बघता काळीभोर: ‘गुरुवार धर. रान पिकेल.’

“पेन नहीं, पेन्सिल नहीं, टाइपराइटर नहीं!” बाबा गरजला. “ऊपरवाला लिखता है, पानी पढ़ाता है! दिल्लीची टपाल आठ दिवसांनी येते, स्वर्गाची टपाल आठ सेकंदांत!”

“अक्षरबाबा की जय!”

जयजयकार ओसरला तशी बायकांतून एक बाई उठली. तुमसरच्या शाळेत विज्ञान शिकवणाऱ्या ललिताबाई. त्या म्हणाल्या, “बाबा, मला एक कोरा कागद द्या. तो मी पाण्यात नाही टाकत, कंदिलावर धरते. लिंबाच्या रसानं कोणी आधीच लिहून ठेवलं असेल, तर शेकल्यावर दिसेल.”

लोक कुजबुजले. बाबा हसला. चेल्यानं गठ्ठ्यातून निवडून एक कागद त्यांच्या हातात दिला. बाईंनी तो कंदिलाच्या काचेवर धरला. कागद तापला, एक कोपरा करपला, पण एक अक्षर उमटेल तर शपथ. मग चेल्यानं तोच कागद घेतला आणि तीर्थात सोडला. अक्षरं आली: ‘अहंकार सोड.’

मांडव हशानं हादरला. “बाई,” बाबा म्हणाला, “तुमचं सायन्स करपलं!”

ललिताबाई मान खाली घालून गर्दीतून बाहेर पडल्या. कोणीतरी त्यांच्या मागे शिट्टी वाजवली.

पहिल्या रांगेत, खास अंथरलेल्या सतरंजीवर, लक्ष्मणराव शाईवाले बसले होते. लिंबू नाही, हे त्यांना ठाऊक होतं. काय आहे हेही ठाऊक होतं. एका वाक्यात सांगता आलं असतं. ते बोलले नाहीत. उलट, सगळे हसत होते म्हणून तेही थोडं हसले.

ही गोष्ट १९७९ सालची. लक्ष्मणरावांचं तुमसरच्या बाजारात शाईचं दुकान होतं आणि मागच्या पडवीत कारखाना, म्हणजे तीन पिंपं, एक चूल आणि लेबलं चिकटवायला दोन बाया. ‘नीलकंठ शाई’ शाळांत जायची, कचेरीत जायची, चिखल्याच्या मँगनीज खाणीच्या ऑफिसात जायची. त्यांच्या वडिलांच्या काळी शाई घरच्या घरी व्हायची. जंगलातला हिरडा कुटून उकळायचा, त्याच्या काढ्यात हिराकस, म्हणजे लोखंडाचा हिरवा खडा, घालायचा, की काळीकुट्ट शाई तयार. एकट्या हिरड्याच्या पाण्याला रंग नाही म्हणावा इतका फिका, एकट्या हिराकसाच्या पाण्यालाही रंग नाही. दोघं भेटले की काळे. पुढे जर्मनीचे तयार रंग आले आणि उकळणं थांबलं. मग त्या रंगांना आयातीचा परवाना लागू लागला.

लक्ष्मणरावांना या सगळ्याचा मोठा षौक. कलकत्त्याहून शाईच्या व्यापाराचं एक पत्रक त्यांच्याकडे यायचं, दोन महिने शिळं. ते गिऱ्हाइकाला थांबवून वाचून दाखवत. हॅम्बुर्गला रंगाचा भाव चढला. आपला हिरडा विलायतेला जायचा, आता तिकडचे चामडेवाले दुसरंच रसायन वापरतात. जपानी कारखाने बॉलपेनची टोकं लाखांनी काढून राहिले. शेवटच्या दोन वर्षांत मात्र त्यांनी वाचून दाखवणं सोडलं होतं. कारण दर पत्रकात एकच बातमी, वेगवेगळ्या शब्दांत: दौतीतली शाई जगभर उतरणीला लागली. तुमसरच्या पोरांच्या खिशात रिफिलचे पेन आले होते. शाळेनं परवानगी दिली, मग कचेरीनं. फडताळात नीलकंठच्या बाटल्या सुकून त्यांच्या तळाला पापुद्रे धरू लागले.

अशात बाबाचा चेला दुकानात आला.

“हिरड्याचा अर्क आहे का जी? आन् हिराकस?”

“हिरडा आता उकळत नाही आम्ही. हिराकस आहे. ताजा, हिरवागार.”

“ताजा नोको. जुना द्या. गंजलेला.”

लक्ष्मणरावांचा हात वजनकाट्यावर थांबला. गंजलेला, पिवळट पडलेला हिराकस कोणी मागत नाही. शाईवाला तो फेकून देतो. त्याचा एकच गुण, की हिरड्याशी भेटताच तो क्षणात काळा होतो. ताज्याला वेळ लागतो. म्हणजे या माणसाला शाई करायची नव्हती. याला शाई होताना दाखवायची होती.

त्यांनी पुडी बांधून दिली.

पुढच्या गुरुवारी बाबानं मांडवात जाहीर केलं, “कागज पे लिखना है तो नीलकंठ से लिखो! नीलकंठनं भरलेला अर्ज सरकारात नापास होत नाही!” दुसऱ्या दिवशी दुकानापुढे रांग लागली. परीक्षेची पोरं, नोकरीचे अर्ज घेतलेले तरुण, जमिनीच्या तंट्यातले म्हातारे. जगभर शाई उतरत होती आणि तुमसरला चढत होती. बायकोनं, सत्यभामाबाईंनी, एकदा विचारलं, “तुमचा त देवावर बी भरोसा नाही, मंग बाबाच्या मांडवात काहून जाता?” ते म्हणाले, “धंद्याच्या माणसाला चार ठिकाणी दिसावं लागते.” हे बोलताना त्यांनी तिच्याकडे बघितलं नाही.

आणि मग, ललिताबाईंची फजिती झाली त्यानंतर पंधराएक दिवसांनी, दुकानात धुरपता आली.

चिखल्याच्या खाणकामगाराची बायको. नवरा धनीराम, खाणीत खाली उतरणारा. त्याला छातीचा क्षय होता. भंडाऱ्याच्या दवाखान्यातून सुया आणि गोळ्या चालू होत्या, चार महिन्यांत गडी उठून बसला होता. धुरपतानं पदराच्या गाठीतून एक घडी घातलेला बदामी कागद काढला. पाण्यानं चुरमडलेला, वर काळी अक्षरं: ‘सुई सोड. विभूती धर.’

“शेटजी,” ती म्हणाली, “माहा नवरा मनते, सुई सोडत नाही. माही सासू मनते, देवानं लिवलं ते मोडू नोको. मले वाचता येत नाही. तुमी शाईवाले. ह्ये मानसाच्या हातचं हाये का देवाच्या, तुमीच सांगा.”

दुकानात तेव्हा आठ-दहा गिऱ्हाइकं होती. सगळी नीलकंठसाठी आलेली. सगळी ऐकत होती.

लक्ष्मणरावांनी कागद उजेडात धरला. अक्षरांच्या कडेला शाई थोडी पसरली होती, हिरड्याची पसरते तशी. ‘सोड’मधल्या काना-मात्रेवर बोरू दोनदा फिरला होता. त्यांच्या वडिलांनीही हे ओळखलं असतं, डोळे मिटून.

“अशी शाई बाजारात मिळत नाही, बाई,” ते म्हणाले.

शब्दाशब्दानं खरं होतं. अशी शाई खरोखरच कोणी विकत नव्हतं. धुरपताचा चेहरा उजळला. तिनं कागद कपाळाला लावला, पुन्हा गाठीत बांधला आणि गेली. एका गिऱ्हाइकानं लगेच दोन बाटल्या जास्त घेतल्या.

‘आपण खोटं कुठं बोललो?’ असं त्या दिवशी लक्ष्मणरावांनी स्वतःला बरेचदा विचारलं. जितकं विचारलं तितकं ते वाक्य जास्त घाण वाटू लागलं. तरीही चिखल्याची बस होती, रस्ता होता, जाऊन सांगता येत होतं. उद्या जाऊ म्हणता म्हणता होळी आली.

होळीनंतर एका दुपारी तुमसरच्या एसटी स्टँडवर त्यांना धुरपता दिसली. बाकावर धनीराम आडवा पडला होता. अंगावर घोंगडं, तोंडाशी धरलेल्या फडक्यावर रक्त. ती त्याला भंडाऱ्याला न्यायला निघाली होती.

लक्ष्मणरावांना पाहून ती उठली. तिनं त्यांना वाकून नमस्कार केला.

“तुमी सांगतलं मनून सुई बंद केली जी,” ती म्हणाली. आवाजात आरोप नव्हता. तिला वाटत होतं, आपल्याच व्रतात काही चुकलं. “विभूती त रोज देल्ली. गुरुवार बी मोडला नाही. मंग काहून असं होऊन राहिलं?”

बस लागली. दोघा हमालांनी धनीरामला वर चढवलं. लक्ष्मणराव मदतीला पुढे झाले आणि त्यांनी त्याचं घोंगडं सावरून धरलं.

तिथून ते थेट ललिताबाईंच्या घरी गेले. दारातच म्हणाले, “बाई, लिंबू नव्हतं. हिरडा होता. पाण्यात हिराकस आहे.”

ललिताबाईंनी क्षणभर विचार केला. “टॅनिन आणि लोह!” त्या म्हणाल्या. “मला सुचायला हवं होतं.” आणि मग त्यांच्याकडे नीट बघत विचारलं, “पण तुम्ही त्या दिवशी पहिल्या रांगेत होता ना?”

“हो.”

“मी हरले तेव्हाही?”

“हो, बाई. हिराकस मीच विकला.”

ललिताबाईंनी पायात चपला घातल्या, दाराला बाहेरून कडी लावली आणि म्हणाल्या, “चला, दुकानात करून दाखवा मला.”

गुरुवारी मांडव भरला होता. बाबानं लक्ष्मणरावांना बघून सतरंजीकडे हात केला. ते सतरंजीवर बसले नाहीत. बपेऱ्याचे पाटील भय्याजी यांना त्यांनी पुढे बोलावलं, कारण भय्याजींना गाव मानायचं. पिशवीतून आपल्या दुकानाचा कोरा बदामी कागद काढला, सगळ्यांदेखत हिरड्याच्या फिकट पाण्याच्या बाटलीत बोरू बुडवून त्यावर लिहिलं आणि कागद उन्हात धरला. वाळला, तसा कागद कोराच्या कोरा.

“भय्याजी, हा तुमच्या हातानं तीर्थात टाका. आन् उमटेल ते मोठ्यानं वाचा.”

भय्याजींनी कागद सोडला. सावल्या आल्या, अक्षरं झाली. पाटील अडखळत वाचू लागले, “या पाण्यात... हिराकस आहे. तो... मी विकला. लक्ष्मण शाईवाला.”

मांडव गार झाला. पण बाबा काही कच्चा नव्हता. तो हात उंचावून ओरडला, “देखा! पाप्याचंसुद्धा पाप कबूल करवलं! तीर्थ का महिमा!”

आणि खरं सांगायचं, तर अर्ध्या लोकांनी पुन्हा जयजयकार केला.

तेव्हा ललिताबाई उठल्या. मांडवाबाहेर चहाची टपरी होती. तिथून त्यांनी बिनदुधाचा चहा मागवला, काचेच्या ग्लासात, सगळ्यांना दिसेल असा. “देव चहावर लिहीत नाही ना, बाबा?” त्यांनी तीर्थाचा एक चमचा चहात टाकला. लालसर चहा ग्लासात डोळ्यांदेखत काळा झाला, दौतीसारखा. मग विहिरीचं साधं पाणी भय्याजींनी स्वतः शेंदून आणलं. त्यात लक्ष्मणरावांनी आपल्या पुडीतला गंजका हिराकस विरघळवला आणि बाबाच्याच गठ्ठ्यातला एक कागद त्यात सोडला. ना तुळस, ना मंत्र. अक्षरं आली: ‘संतान होईल.’ गठ्ठ्याचा क्रम मोडला होता, आणि रांगेत पुढचा नंबर ज्याचा होता तो माणूस पंचाहत्तर वर्षांचा विधुर निघाला.

आता मात्र लोक हसले, आणि हसता हसता त्यांचा राग उसळला. भय्याजींनी मांडवामागची झोपडी उघडायला लावली. आत हिरड्याच्या पाण्याचे डबे, बोरू, आणि नंबर लावताना चेला ज्यात नाव, गाव, दुखणं टिपून घ्यायचा ती वही. आदल्या दिवशी टिपायचं, कागद लिहून वाळवायचा, दुसऱ्या दिवशी देवाचं म्हणून खपवायचं. बाबाला मारायला धावलेल्या पोरांना ललिताबाईंनी अडवलं. पोलिसांची जीप येईपर्यंत तो भगव्या गादीवरच बसून होता.

लोक लक्ष्मणरावांच्या पाठीवर थाप मारू लागले. ‘शेटजी, तुमी डोळे उघडले!’ त्यांना ते सहन होईना.

धनीराम त्याच आठवड्यात गेला. दवाखान्यानं सुया पुन्हा चालू केल्या होत्या, पण फार उशीर झाला होता.

तेराव्यानंतर लक्ष्मणराव चिखल्याला गेले. खाणीच्या चाळीत, लाल-काळ्या धुळीनं माखलेल्या दारात धुरपता बसली होती. त्यांनी सगळं सांगितलं. कागद ओळखला होता, तरी बोललो नाही, आणि का बोललो नाही, तेही. कुठं झाकलं नाही.

ती म्हणाली, “बाबा त परका होता जी. त्याचा भरोसा मी अर्धाच केला होता. मनूनच त तुमच्याकडे आली होती.”

नीलकंठ शाईचा कारखाना लक्ष्मणरावांनी वर्षभरात बंद केला. त्यानंतर कित्येक वर्षं ते ललिताबाईंबरोबर शहापूरपासून बपेऱ्यापर्यंत शाळांमधून आणि बाजारांतून फिरले. कोऱ्या कागदावर अक्षरं काढून दाखवत, आणि मग धनीरामची गोष्ट सांगत, स्वतःला न वगळता. शेवटी त्यांचं म्हणणं साधंच असे:

“चमत्कार दिसला तर हात जोडायच्या आधी विचारा, हे झालं कसं? विचारल्यानं देव रागावत नाही, रागावतो तो लबाड. डॉक्टरचं औषध कोणाच्या कागदावरून सोडू नका. आणि ज्याला युक्ती ठाऊक आहे, त्यानं तिथल्या तिथं, सगळ्यांसमोर बोलावं. मी तीन महिने उशिरा बोललो.”