कट म्हणायचं राहिलं

अभिनय सोडून ठमीने दिग्दर्शनाची खुर्ची धरली, तेव्हा मालिकेत तिच्या आईचं काम करणाऱ्या अक्कांनी तिच्याशी बोलणंच टाकलं. इतकी वर्षं एका आरशापुढे मेकअप केला, एका डब्यातलं खाल्लं, आणि ही पोरगी न सांगता उठून कॅमेऱ्यामागे जाते म्हणजे काय! रुसावं तर अक्कांनीच.

ठमीच्या दिग्दर्शनाचा पहिला दिवस. प्रसंग साधाच: मुलगी घर सोडून जाते, आई दार लावते. मुलीचं काम आता एक नवी नटी करत होती. निर्मात्याने गोड हसून बजावलं होतं, "नाहीच जमलं तर मेकअपची खोली आहेच की."

"अ‍ॅक्शन!"

नवी नटी पिशवी उचलून गेली. अक्कांनी दार लोटलं. प्रसंग संपला आणि ठमी गप्प! जन्मभर 'कट' दुसऱ्याच्या तोंडून ऐकायची सवय. आताही ही शहाणी मॉनिटरसमोर बसून कुणीतरी म्हणेल म्हणून वाट बघत राहिली.

अक्का जुन्या वळणाच्या. छत कोसळलं तरी कट ऐकल्याशिवाय थांबायच्या नाहीत. त्या खुर्चीत टेकल्या, शालीचं टोक चाळवलं आणि बंद दाराला म्हणाल्या, "सांगून गेली असतीस तर मी काय अडवलं असतं? एवढी परकी झाले का गं मी?"

हे संहितेत नव्हतं. ते कुणासाठी होतं, हे ठमीला सांगावं लागलं नाही. तिचे डोळे भरून आले. सहायकाने कोपराने ढोसलं, तेव्हा कुठे ती "कट" म्हणाली.

सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. ठमीला धावत जाऊन अक्कांच्या गळ्यात पडायचं होतं. पण शॉट पुन्हा पाहिला, तर शेवटच्या वाक्याला अक्कांच्या कपाळावर माइकची सावली! बाकी कुणाच्या ते लक्षातही आलं नव्हतं. झाकली मूठ तशीच ठेवता आली असती.

ती उठून अक्कांजवळ गेली. "परत घ्यावं लागेल, अक्का. शेवटच्या बोलण्यासकट. माइकची सावली पडलीय."

अक्कांनी खांद्यावरची शाल सारखी केली.

"मनातलं होतं ते बोलून झालं," त्या म्हणाल्या. "आता अभिनय करते. तो हवा तितक्या वेळा माग. जा, बस जागेवर."

दुसरा शॉट निर्दोष झाला. ठमीने तोच पक्का केला. पहिला, जो फक्त तिच्यासाठी होता, तो पुसून टाका म्हणून सांगताना मात्र तिला रडू आवरेना.