क्ष सापडला की पेन खाली

दवाखान्याच्या धुलाईखात्यात नवरा इस्त्रीवर आणि बायको यंत्रांवर. नवऱ्याला सगळे ‘मास्तर’ म्हणत, कारण कुणी विचारो न विचारो, तो शिकवायचा. सुपरवायझरच्या परीक्षेला तो पूर्वी बसला होता आणि नापास झाला होता. उत्तरं बरोबर असून मुद्दाम पाडलं, असं तो सांगे. इतक्यांदा सांगून झालं होतं की ते आता घरात देवाच्या जागी होतं. त्याला कुणी प्रश्न विचारत नसे.

ह्या वेळी जागा निघाली तेव्हा ती म्हणाली, “मी बसू का?”

“बस की! मी आहे ना शिकवायला.”

हे तो मनापासून म्हणाला. त्याच्या पोटात पाप नव्हतं, एवढं आधीच सांगितलेलं बरं.

स्वयंपाक उरकला की दोघं टेबलाशी बसत. शाब्दिक उदाहरण म्हटलं की तिला धडकी भरायची. तो समजावी, “जे माहीत नाही त्याला क्ष म्हणायचं. क्ष घरात, बाकी पाहुणेमंडळी उंबऱ्याबाहेर. उंबरा ओलांडला की पाहुण्याचं चिन्ह बदलतं. आत अधिक, बाहेर उणे.”

“म्हणजे तुमच्या बहिणीसारखं?”

“तिला मध्ये आणू नकोस. समीकरण सोडव.”

तिला गोडी लागली. उठताना मात्र तो दर वेळी बजावी, “क्ष सापडला की पेन खाली. मागे वळून बघायचं नाही. परीक्षेत शंका म्हणजे शत्रू.”

परीक्षेत आलं: मोठ्या यंत्रात लहान यंत्रापेक्षा दहा चादरी जास्त मावतात. दोन्हींत मिळून पन्नास. तर मोठ्या यंत्रात किती? तिने लहान यंत्र क्ष मानलं, मोठं क्ष अधिक दहा. दोन क्ष बरोबर चाळीस, क्ष बरोबर वीस. ‘उत्तर वीस’ लिहिताना हात जरा अडखळला. मग नवऱ्याचा आवाज आठवला आणि तिने पेन खाली ठेवलं. बाकीची उदाहरणंही तशीच.

निकालानंतर खात्याच्या मोठ्या बाईंनी तिला पेपर दाखवला.

“मांडणी सुरेख आहे गं. पण वीस लहान यंत्राचे. विचारलंय मोठ्याचं. दहा मिळवायचे राहिले. सगळीकडे हेच. मोठं यंत्र रोज कोण भरतं?”

“मीच.”

“मग त्यात वीस चादरी?”

देव बुद्धी देतो तशी तिच्या राखणीला थोडी शंकाही देतो. तिने ती दुसऱ्याच्या शब्दाखातर दारातून हाकलली होती. जागा गोदामातल्या एका मुलीला मिळाली.

“पाडलं ना? ठाऊकच होतं मला!” दार उघडतानाच तो म्हणाला. चेहरा असा, जणू घरात लग्न ठरलंय. चहासुद्धा त्यानेच टाकला.

“कुणी पाडलं नाही,” म्हणत तिने सगळं सांगितलं. मग हळूच विचारलं, “अहो, तुमच्या पेपरात दोन भावांची वयं होती ना? विचारलं काय होतं?”

“थोरल्याचं वय किती. धाकट्याला क्ष मानला, क्ष आला अकरा. अकरा लिहिलं, तरी मेल्यांनी...”

तो तिथेच अडला. चहा उतू गेला, तरी उठला नाही.

“मोठं यंत्र तू रोज भरतेस,” शेवटी तो म्हणाला. “वीस लिहिताना अक्कल चरायला गेली होती?”

“तुमच्या हवाली केली होती.”

“घ्या! म्हणजे खापर आता माझ्या डोक्यावर.”

दुसऱ्या दिवशी जेवणाच्या सुट्टीत तो चारचौघांना सांगत होता, “मला पाडलं, हिलाही पाडलं. वशिल्याचं राज्य आहे.”

“खरं का वहिनी?” रफूवाल्याने विचारलं.

नवरा तिच्याकडे बघत होता. एका ‘हो’पुरती भीक होती ती. पण पलीकडच्या बाकावर नवी सुपरवायझर मुलगी मान खाली घालून, घास तोंडातच धरून बसली होती.

“नाही,” ती म्हणाली. “हिने उदाहरणं पुरी सोडवली. मी अर्धीच सोडवली. मास्तरांनी शिकवली तशी.”

“मास्तर, फी परत करा!” रफूवाला ओरडला आणि हशा पिकला. सगळ्यांत मोठ्याने मास्तरच हसला.

तेव्हापासून घरी तो भिंतीकडे बघून बोलतो. “मीठ द्यायला सांगा,” म्हणतो. घरात दोघंच आहेत. ती मीठ देते.