धागा सोडणारी मुंगी

"लोंबतेय! अगं बाई, खरंच लोंबतेय!"

जेवणाच्या सुट्टीत आमच्या शिवणकारखान्याच्या कटिंग हॉलमध्ये पाय ठेवायला जागा नव्हती. इस्त्रीवाल्या स्टुलांवर चढल्या होत्या, बटणवाल्या त्यांच्या खांद्यावरून माना लांबवत होत्या आणि पॅकिंगची मंडळी खोक्यांवर उभी राहून मालाचा सत्यानाश करत होती. मी बटणविभागाची मुकादम. एरवी एकेकाला असं फैलावर घेतलं असतं की विचारू नका. पण त्या दिवशी माझंही तोंड उघडंच राहिलं होतं, खोटं कशाला बोलू?

कापड अंथरायच्या लांबलचक टेबलावर मुंगीमहाराज मांडी घालून बसले होते. पांढरेशुभ्र कपडे, बोटात जाड अंगठी, आवाज एकदम गुळगुळीत. समोर काचेची बरणी, तिच्यात काळ्या मुंग्या. महाराजांनी एका इस्त्रीवालीला हवी ती मुंगी उचलायला सांगितली. तिने किंचाळत का होईना, उचलली. महाराजांनी ती पितळी डबीत टाकली, झाकण लावलं, पुटपुटले, डबी हातात फिरवली, टिचकी मारली, उघडली. तीच काळी मुंगी त्यांच्या बोटावर तुरुतुरु आली. त्यांनी बोट झटकलं आणि मुंगी खाली पडायच्या ऐवजी धाग्याला लटकली!

"मुंगी कधी धागा काढते?" महाराज गरजले.

"नाही!" सगळा हॉल ओरडला.

"धागा कोण काढतं?"

"कोळी!"

"मी हिचं कूळ बदललं! रूप मुंगीचं, कूळ कोळ्याचं! जो या जिवाचं कूळ बदलतो, त्याला तुमच्या रक्ताचं कूळ बदलणं काय जड आहे? रक्तात साखर आहे? काढून टाकतो! छातीत दमा आहे? हाकलून देतो!"

आता आम्ही सगळी धाग्यावर जगणारी माणसं. दिवसभर धागा ओवायचा, तोडायचा, तुटला की शिव्या घालायच्या. एवढ्याशा मुंगीतून धागा निघालेला बघून आमचं काळीज विरघळणारच. त्यातून आमचे टेलरमास्तर पुढे झाले. चाळीस प्रकारचे दोरे डोळे मिटून ओळखणारा माणूस. त्यांनी तो धागा चिमटीत धरला, उजेडात पाहिला, ताणून पाहिला आणि निकाल दिला, "नायलॉन नाही, गोंद नाही. धागा अस्सल आहे. आतूनच आलाय."

झालं! मास्तरांनी शिक्का मारल्यावर कोण काय बोलणार? लोक महाराजांच्या पाया पडायला रांगेत उभे राहिले.

सुट्टी संपली तरी माझा भाऊ जागेवर दिसेना. दादा या कारखान्यातला कटर, माझ्यापेक्षा मोठा. पाहते तर पाण्याच्या नळाशी उभा, पेल्यावर पेले रिचवतोय. ओठ कोरडे पडलेले.

"दादा, काय होतंय तुला?"

"काही नाही गं. चांगली लक्षणं आहेत. महाराज म्हणाले, कूळ बदलायच्या आधी शरीर पाणी मागतं."

मी त्याचा दंड धरला. "इंजेक्शन घेतलंस सकाळी?"

तो माझी नजर चुकवून म्हणाला, "सुया आणि औषध सकाळीच महाराजांकडे दिलं. फाटकापाशी भेटले होते ते. अट आहे त्यांची. सुई जवळ असली की कूळ बदलत नाही. चहाच्या सुट्टीत माझा नंबर आहे."

"डोकं ठिकाणावर आहे का तुझं? डॉक्टर ओरडून सांगतात, तुझं शरीर इन्सुलिन बनवतच नाही! उद्यापर्यंत तू बेशुद्ध पडशील, आणि मग..."

"तुला काय जातंय बोलायला?" दादाचा आवाज अचानक बारीक झाला. "तरुणपणापासून जेवायच्या आधी टोचून घेतोय. लग्नाच्या जेवणालाही आधी भिंतीकडे तोंड करून टोचलं. एकदा तरी, एकदाच, चारचौघांसारखं नुसतं हात धुऊन ताटावर बसावंसं वाटतं गं."

माझा सगळा राग त्या महाराजांवर गेला. पण नुसत्या रागाने काय होणार? ती मुंगी तर मीही लटकताना पाहिली होती.

मी भाचीला फोन लावला. दादाची मुलगी जवळच्याच प्राणिसंग्रहालयात कामाला आहे. जिवंत वाघसिंहांच्या नव्हे, बरण्यांत ठेवलेल्या कोळ्यांच्या. दिवसभर कोळी भिंगाखाली धरायचे आणि कोणता कुठल्या गटात जातो ते ठरवायचं. घरात आम्ही तिला भिंगवालीच म्हणतो. तिला सगळं सांगितलं तर ती आधी खो खो हसली.

"आत्या, त्या मुंगीला पाय किती होते?"

"मी बटणं मोजते बाई, मुंग्यांचे पाय नाही!"

"आणि धागा कुठून निघाला? तोंडातून की मागून?"

"हे काय विचारणं झालं? अगं, तुझ्या बाबांनी इन्सुलिन देऊन टाकलंय त्याला!"

तिचं हसू तिथल्या तिथे थांबलं. "चहाच्या सुट्टीला पोचते. डॉक्टरांनाही फोन करते. आत्या, बाबांजवळून हलू नकोस."

चहाच्या सुट्टीत पुन्हा तीच गर्दी. खुर्चीत दादा, समोर महाराज. भिंगवाली धापा टाकत आली ती हातात छोटा कॅमेरा घेऊनच. नव्या कपड्यांचे नमुने दाखवायला आमच्या हॉलमध्ये मोठा टीव्ही आहे, त्याला तिने कॅमेरा जोडला. मला वाटलं, आता ही महाराजांना झोडपणार. पण ती वळली बापाकडे.

"बाबा, खूण केल्याशिवाय तुम्ही कापडाचा तुकडा शिवायला पाठवता का हो?"

"मुळीच नाही!" एवढ्या थकव्यातही दादा ताठ बसला. सगळ्या कारखान्याला त्याची ही खोड माहीत आहे. दोन काळी कापडं जोडीने ठेवली तर सारखीच दिसतात, पण धुतल्यावर एक तांबूस पडतं नि दुसरं निळसर. म्हणून कुठल्या ताग्यातला तुकडा कुठला, याची खूण दादा केल्याशिवाय राहत नाही. त्यावरून त्याने मालकांशीही भांडण काढलेलं आहे.

"मग मुंगीवर करा ना खूण."

महाराज दचकले. "शंका घेतली की शक्ती जाते!"

"शंका कसली, महाराज?" दादाच म्हणाला. "खूण केली तर उलट सगळ्यांची खात्री पटेल. माझी तर आहेच." बिचारा मनापासून बोलत होता. आता खुद्द भक्तानेच मागितल्यावर महाराज नाही कसं म्हणणार? गर्दीही ओरडू लागली, "करू दे, करू दे!"

दादाने खुणेच्या पांढऱ्या रंगात सुईचं टोक बुडवलं आणि बरणीतल्या एका मुंगीच्या पाठीवर इवलासा ठिपका दिला. हात काय स्थिर त्याचा! महाराजांनी मुंगी डबीत टाकली. पुटपुटले, डबी फिरवली, टिचकी मारली, उघडली. मुंगी बोटावर आली, झटकल्याबरोबर लटकली. टाळ्या पडणार तेवढ्यात दादा म्हणाला, "ठिपका कुठाय?"

"कूळ बदललं, कातडी बदलली, ठिपका गेला!" महाराजांचं उत्तर तयार होतं.

लोक लगेच माना डोलवायला लागले. अशी चीड आली मला! पण भिंगवाली शांत. "असेल बुवा. मग डबी रिकामीच असणार. बघू या ना?"

महाराज डबीला हात घालायला गेले, पण टेलरमास्तरांनी आधीच ती उचलली होती. त्यांनी ती उलटीपालटी केली, अंगठ्याने दाबली. आतला भाग गर्रकन फिरला आणि खालचा कप्पा उघडला. त्यातून पाठीवर पांढरा ठिपका मिरवत आमची मुंगी ऐटीत बाहेर आली.

मग मागून एक इस्त्रीवाली ओरडली, "आलात का मुंगीबाई, माहेरी सगळे बरे ना?" आणि जो हशा पिकला! स्टुलावरच्या दोघी तर खालीच आल्या.

"अगं, पण मग ही लटकणारी कोण?" मास्तर गोंधळून म्हणाले.

भिंगवालीने दोघींना दोन काचेच्या बशांत ठेवलं आणि कॅमेरा धरला. टीव्हीवर म्हशीएवढी मुंगी आली. "मोजा पाय!" सगळ्यांनी एका सुरात मोजले. सहा. "आणि या पुढे हलतात त्या मिशा. आता दुसरी बघा." ही पण मुंगीच वाटत होती, मिशा हलवणारी. पण चालायला लागली तशी एक मिशी बशीला टेकली.

"अरे, मिशी नाही, पाय आहे तो!" दादा ओरडला.

"बरोबर, बाबा. पुढचे दोन पाय उचलून मिशांसारखे नाचवतो. मोजा सगळे."

आठ! मग तिने पुढचे मोठाले डोळे दाखवले, अंगाचे दोनच भाग दाखवले, मध्ये उगाच चिमटा काढून तीन भासवलेले. आणि मागच्या टोकाला धागा काढायच्या नळ्या.

"हा कोळीच आहे. जन्मापासून. मुंग्या चावतात म्हणून पक्षी त्यांच्या वाटेला जात नाहीत, तर हा मुंगीसारखा दिसून जीव वाचवतो. आम्ही प्राण्यांचे गट पाडतो ते तोंडावळा बघून नाही, बांधणी बघून. सांध्यांचे पाय आणि बाहेरून कडक अंग, हा एक मोठा संघ. मुंगी, कोळी, खेकडा, सगळे त्यात. त्यातले सहा पायांचे ते कीटक. मुंगी तिकडे, मधमाशी नि गांधीलमाशी तिच्या सख्ख्या चुलत बहिणी. आठ पाय आणि मिशा नाहीत, हा दुसरा वर्ग. तिथे कोळ्याचे भाऊबंद कोण, तर विंचू आणि गोचीड. त्यातही कोळ्यांचा गण वेगळा, आणि त्यात हा उड्या मारणाऱ्या कोळ्यांच्या कुळातला. मुंगीचं नि याचं नातं एवढं लांबचं की लग्नाची पत्रिकासुद्धा जायची नाही!"

"पण धागा तर अस्सल होता," मास्तर पडेल आवाजात म्हणाले.

"शंभर टक्के अस्सल, मास्तर. तुमची पारख चुकली नाही. पण सगळ्यांनी धागा तपासला, धागा सोडणाऱ्याला कुणी तपासलंच नाही. आम्हीही चुकतो हं. आमच्याकडे मुंग्यांच्या बरणीत असा एक कोळी कित्येक वर्षं मुंगी म्हणून राहत होता. मग कुणीतरी पुन्हा पाय मोजले आणि त्याला घरी पाठवलं."

एवढ्यात महाराज दाराकडे सरकले होते, पण पॅकिंगची मंडळी दारात खोकी रचून बसली. पुढे पोलीस आले आणि काय व्हायचं ते झालं. मी महाराजांची पिशवी टेबलावर उपडी केली. दादाची इन्सुलिनची पेटी वरच होती. डॉक्टर फोनवरच होते. त्यांनी सांगितलं तशी भाचीने साखर तपासली, दादाने इंजेक्शन घेतलं, आणि तसंच त्याला दवाखान्यात नेऊन रात्रभर ठेवलं.

दुसऱ्या दिवशी भेटायला गेले तर दादा ताटासमोर बसला होता. "म्हणजे उद्याही टोचायचंच," तो मुलीला म्हणत होता.

"हो, बाबा. उद्याही."

"बरं," तो म्हणाला. यावेळी त्याने भिंतीकडे तोंड केलं नाही. आमच्या दोघींच्या समोरच सुई टोचली आणि हात धुऊन जेवायला लागला. मला रडू आलं, आणि रडताना हसूही आलं.

तेव्हा मंडळी, कुणी चमत्कार दाखवला की नमस्कार नंतर करा. आधी जवळ जा, नीट बघा, खूण करा, मोजा, आणि बिनधास्त प्रश्न विचारा. प्रश्नाने ज्याची शक्ती जाते, त्याच्याकडे ती नव्हतीच. आणि डॉक्टरांचं औषध सोडायला सांगणारा कितीही गोड बोलला तरी त्याला दाराबाहेर काढा.

हे सगळं लिहायचं कारण वेगळंच आहे. महाराजांच्या त्या पिशवीत दम्याचा एक पंपही निघाला. निळा, लहान मुलाचा, वर चांदणीचं स्टिकर लावलेलं. आमच्यापैकी कुणाचा नव्हता, आणि महाराज सांगायला तयार नाहीत. तुमच्या माहितीत कुणी आपल्या लेकराचा पंप असा देऊन बसलं असेल, तर त्यांना म्हणावं, लाजू नका. आम्ही सगळेच फसलो होतो. आजच डॉक्टरांकडे जा आणि दुसरा पंप घ्या.