यंत्राला पाणी

बागेच्या फाटकाशी हवा मोजणारं यंत्र बसलं आणि बागेत सगळ्यांत जास्त काळजी त्या यंत्राची घेतली जाऊ लागली. आकडा हिरवा दिसला की फिरायला येणारे छाती भरून श्वास घेत. लाल दिसला की उद्यान अधिकाऱ्यांना फोन करत.

फोनला कंटाळून साहेबांनी जालीम उपाय काढला. माळीमामांना म्हणाले, "रोज सकाळी यंत्राभोवती फवारा मारा. धूळ बसते, आकडा उतरतो."

"आणि कुंपण?"

रस्त्याकडच्या कुंपणाची झुडपं दिवसभर गाड्यांचा धूर अंगावर घेत. मामा रोज त्यांची पानं धूत, म्हणून ती तगून होती. पाण्याची टाकी मिळायची दिवसाला एकच. तीत कुंपण न्हायलं असतं, नाहीतर यंत्र.

"कुंपणाला कोण विचारतंय?"

"मग लेखी द्या साहेब. झाडं वाळवा, यंत्र भिजवा, असं."

"मामा, निवृत्तीला दोन वर्षं राहिलीत ना?"

"कुंपणाची तेवढीही राहिली नाहीत."

घरी मामींनी कपाळाला हात लावला. "अहो, साहेब म्हणतील ती पूर्व दिशा!"

"तिकडूनच तर धूर येतो," मामा म्हणाले.

आठवडाभर मामांनी कुंपणच धुतलं. शेवटी साहेब स्वतः आले, टाय खांद्यावर टाकला आणि नळी हातात घेतली. कामाची सवय नसलेल्या माणसाचा उत्साह दांडगा असतो. यंत्र शिंकल्यासारखं फुसकन वाजलं आणि आकडा आला: शून्य.

इतकी शुद्ध हवा शहरात कुठेच नव्हती. खात्याने चौकशी केली, म्हणजे अभिनंदन केलं. साहेबांनी टाकीला कुलूप लावून पाणी यंत्रासाठी राखून ठेवलं. आठ दिवसांत बागेत व्यासपीठ उभं राहिलं, लांबलचक टेबल आलं, त्यावर पांढरंशुभ्र कापड. सन्मान द्यायला खात्याचे मोठे साहेब आले. माळ्याचंही नाव पुकारलं गेलं.

मामा कुंपणाची डहाळी घेऊन वर चढले आणि तिचं एक पान त्या कापडावर पुसलं. वीतभर काळी रेघ उमटली.

"हे काय चाललंय?" मोठे साहेब म्हणाले.

"आकडा लिहितोय. यंत्राला जमेना."

पुढच्या रांगेत कोणीतरी फिस्सकन हसलं. उद्यान अधिकारी दातओठ खात पुटपुटले, "खाली उतरा. उद्यापासून कामावर येऊ नका."

"उद्याचं उद्या. आज ड्यूटी आहे माझी. टाकीची किल्ली द्या."

"नाही देत."

मामांनी दुसरं पान पुसलं. मग तिसरं. डहाळीला पानं पुष्कळ होती आणि मामांना घाई नव्हती. काळ्या रेघा सरकत सरकत मोठ्या साहेबांच्या पांढऱ्या बाहीपाशी पोचल्या, तेव्हा त्यांनी अधिकाऱ्यांपुढे नुसता हात पसरला. किल्ली निघाली.

मग भाषणं झाली. पण कुंपणावर पाणी असं काही सडसडत होतं, की ती कोणाला धड ऐकूच आली नाहीत.