दंडाचा रंग

"हात जरा इकडे धरा, कार्त्यायनीअम्मा," रंगभूषाकार लोनप्पन म्हणाला. खुर्चीत सोललेल्या केळ्यासारखी गोरी नायिका बसली होती. तिच्या दंडाला कार्त्यायनीचा दंड लावून तो रंग कालवत होता. "अजून थोडी काळी हवी," तो पुटपुटला.

"मग चुलीवरचं मडकं आण की. ते हलणारही नाही," कार्त्यायनी म्हणाली.

सगळे हसले. ती हसली नाही.

सिनेमा तिच्याच गावचा होता, काथ्या वळणाऱ्या बायकांच्या संपाचा. दिग्दर्शक सुगतन तिच्या ओसरीवर बसून तिच्या आईची हकीकत ऐकून गेला होता. ऐकताना रडलाही होता मेला. आई, चिरुता, तीन दिवस मालकाच्या फाटकापुढे कमरेवर हात ठेवून उभी होती. पाठीवर काठ्या पडल्या तरी ते हात खाली आले नाहीत. सात वर्षांच्या कार्त्यायनीने ते डोळ्यांनी पाहिलं होतं. म्हणून तर ती आज गर्दीत उभी राहायला आली होती.

"आता मालकाचा मुलगा फाटक उघडतो," सुगतन ओरडला, "आणि तुम्ही सगळ्या हात जोडता!"

"कुणाला?"

"त्यालाच, अम्मा. नायक आहे तो."

"अरे बाळा, फाटक आईने ढकललं. आतून कुणी उघडलं नाही. सांगितलं होतं ना तुला?"

"सांगितलंत हो. पण एवढा मोठा स्टार! त्याने उघडलं की थिएटरात शिट्ट्या वाजतात."

"आणि आईच्या पाठीवर वाजल्या त्या काठ्या?"

शेजारची भार्गवी कुजबुजली, "जोड की गं. देवळात नाही का जोडत?"

"देवळाने तरी माझ्या आजीला कुठे आत घेतलं होतं?"

कॅमेरा सुरू झाला. फाटक उघडलं. चाळीस बायकांचे हात जोडले गेले. कार्त्यायनीचे कमरेवर होते.

"कट!"

पुन्हा तेच. तिसऱ्यांदाही तेच.

"अम्मा, तुम्ही सावलीत जाऊन बसा," सुगतन म्हणाला. आवाज गोड होता, नजर नव्हती.

ती माडाखाली जाऊन बसली. तिच्याशिवाय दृश्य पहिल्याच फटक्यात झालं. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या.

दुपार तापली. नायिकेच्या खांद्यावरून घामाचा ओघळ उतरला आणि काळ्या दंडावर गोरी रेघ उमटली. लोनप्पन कुंचला घेऊन धावत आला.

"अम्मा, लवकर! हात द्या जरा."

कार्त्यायनीने खांद्यावरचा पंचा काढला, मांडीवर पसरला आणि दोन्ही हात त्याखाली घेतले.