पांढऱ्या कोटातले शरच्चंद्र

सदाशिव पेठेत शरच्चंद्र आगाशे यांचं नाटकाचे कपडे भाड्याने द्यायचं दुकान होतं, आजोबांपासून चालत आलेलं. एका निर्मात्याने महानाट्यासाठी दोनशे मावळ्यांचे पोशाख शिवायला सांगितले. शरच्चंद्रांनी कर्ज काढून ते शिवून घेतले आणि नेमका निर्माताच गायब झाला. वर्षभरात दुकानाचा लिलाव झाला.

पंचाईत अशी, की आगाशांकडे घरचे कपडे फारसे नव्हतेच. दुकान भरलेलं असताना विकत कशाला आणायचे, हा वडिलांचा दंडक. शरच्चंद्र लग्नात संगीत नाटकातल्या राजपुत्राचा अंगरखा घालून उभे राहिले होते. लिलावात सगळं गेलं. नोकरीच्या मुलाखतीला जायचं, तर उरला होता डॉक्टरचा एक पांढरा कोट.

"हाच घाला," पत्नी कुमुदिनी म्हणाली. "निदान जरीचा नाहीये."

मुलाखत कात्रजला होती. बस बदलायला ते स्वारगेटला उतरले आणि बाकावर टेकले, तोच शेजारच्या बायडाबाई नावाच्या म्हातारीने पाय पुढे केला.

"डागतर, गुडघा लई ठणकतोय बगा."

"आजी, मी डॉक्टर नाही. हा कोट नाटकातला आहे."

"आमच्या गावचा डागतर बी नाटकीच हाय. तुमी बगा."

शरच्चंद्रांनी पाहिलं. गुडघ्यातलं त्यांना काही कळेना, पण चपलेचा अंगठा उसवलेला दिसला. त्यामुळे म्हातारी पाय वाकडा टाकत होती. सुई, दाभण आणि दोरा खिशात घेतल्याशिवाय ते तीस वर्षांत घराबाहेर पडले नव्हते. त्यांनी अंगठा शिवून दिला. बायडाबाई चार पावलं चालली आणि डॉक्टरला हातगुण आहे, असं तिने सगळ्या रांगेला सांगून टाकलं.

थोड्याच वेळात अकरा माणसं जमली. एकाने जीभ काढून दाखवली.

"जीभ आत घ्या," शरच्चंद्र म्हणाले. "तुमच्या पिशवीचा बंद तुटलाय, तो द्या इकडे."

कात्रजच्या चार बस गेल्या. त्यांचं लक्षच नव्हतं. कित्येक महिन्यांत कुणाला त्यांची गरज पडली नव्हती.

"मिळाली का नोकरी?" संध्याकाळी कुमुदिनीने विचारलं.

"नाही. पण उद्या परत बोलावलंय."

"कुणी?"

"अकरा जणांनी."

तिसऱ्या दिवशी हवालदार आला. "डॉक्टरकीचं सर्टिफिकेट दाखवा."

"मी पेशंटला हात लावत नाही, साहेब. फक्त कपड्यांना लावतो."

हवालदार वही काढायला वाकला आणि त्याची पँट मागून टर्रकन उसवली. पुढची वीस मिनिटं तो बाकाशेजारीच पेपर विकणाऱ्या दत्तोबांच्या स्टॉलमागे कमरेला आजचा पेपर गुंडाळून, तोंडावर कायद्याचा दरारा कायम ठेवून उभा होता. पँट अंगात चढवल्यावर सर्टिफिकेटचा विषय त्याने काढला नाही. पेपरचे पैसे मात्र दत्तोबांनी त्याच्याकडून घेतले, आणि करमणूक झाली म्हणून शरच्चंद्रांना स्टॉलचा कोपरा दिला.

बातमी मन्सूरपर्यंत गेली. आगाशांच्या दुकानात वीस वर्षं काम केलेला तो शिंपी. दोनशे मावळे त्यानेच शिवले होते आणि त्यानंतर तो मालकांशी बोलला नव्हता. एका सकाळी तो शिलाई मशीन रिक्षात घालून हजर झाला.

"पगारावर येणार नाही. भागीदारीत येईन."

"ये."

"आणि ऑर्डर मी घेणार. तुम्ही नाही."

शरच्चंद्रांनी सरकून जागा केली. मन्सूरने मशीन मांडलं, तेवढ्यात एक बाई उसवलेली छत्री घेऊन आली.

मन्सूरने चष्मा लावला. "बसा," तो गंभीरपणे म्हणाला. "कधीपासून होतंय?"